नवव्या मजल्यावरचा चमचा

पाचव्या मजल्यावर गझनफर अमींना दम लागला आणि ते कठड्याला धरून पायरीवरच बसले. अमी म्हणजे काका. ते माझे काका नव्हते आणि तोगरुलचेही नव्हते. ते आमच्या गल्लीत राहायचे, अझरबैजानच्या बाकूत ट्रॉलीबस होत्या तोवर ट्रॉलीबस चालवायचे, आणि त्या दिवशी आम्ही त्यांना मुलीला मागणी घालायला घेऊन निघालो होतो.

"किती राहिले?" त्यांनी विचारलं.

"चार मजले."

"ज्या इमारतीची लिफ्ट बंद आहे तिथली मुलगी करू नये."

"मुलीचे वडील लिफ्टचे मेकॅनिक आहेत, अमी. रिटायर झाले."

अमींनी बंद लिफ्टच्या दाराकडे बघितलं. "मग तर मुळीच करू नये."

माझा फोन थरथरला. तोगरुल खाली गाडीत बसला होता. मागणीच्या दिवशी नवऱ्या मुलाने मुलीच्या घरात पाऊल टाकायचं नसतं, त्याची माणसं जातात. त्याने लिहिलं होतं, "काय म्हणाले?"

मी लिहिलं, "अजून पोचलो नाही."

"का नाही पोचलात? नाही म्हणाले का?"

मागणी घालायला पांढऱ्या दाढीचा माणूस लागतो. हा त्यांच्याकडे नुसता बोलण्याचा भाग नाही, ते पदच आहे. ज्याच्या शब्दाला वजन आहे असा म्हातारा पुढे बसतो आणि बोलतो. तोगरुलचे वडील वारले होते. सख्ख्या काकांनी कळवलं होतं की, मोबाइलमध्ये सापडलेल्या मुलीला मोबाइलवरच माग, मी येणार नाही. मग तोगरुलने गझनफर अमींचे पाय धरले आणि तीन आठवडे त्यांना दाढी वाढवायला लावली. ती काय सुरेख पांढरी आली होती! आणि त्या गुरुवारी सकाळी, एवढ्या मोठ्या कामाला जायचं म्हणून, अमींनी ती काळीभोर रंगवली. कानाच्या पाळ्याही थोड्या रंगल्या होत्या.

ती बघून तोगरुल फुटपाथवर उकिडवाच बसला.

राहता राहिलो मी. निरंजन खरात, राहणार जालना, वय चोवीस, दाढी कुठल्याच रंगाची नाही. आपल्याकडचा चहा तिकडे विकणाऱ्या एका कंपनीत मी होतो. तोगरुल आमच्या माल पोचवायच्या गाडीवर होता आणि मी त्याच्याच घरी, त्याच्या आईकडे, भाड्याने राहत होतो. मला मागणीला न्यायचं काहीच कारण नव्हतं. पण मुलीच्या वडिलांनी, रामिझ मुअल्लिमांनी, फोनवर स्पष्ट सांगितलं होतं, "तुमच्याकडचा तो हिंदुस्थानी पण येऊ दे." मुअल्लिम म्हणजे मास्तर, पण तिकडे कुठल्याही मानाच्या माणसाला म्हणतात. लिफ्टवाल्यालाही.

"मला का बोलावलं असेल?" मी तोगरुलला विचारलं होतं.

"मला काय माहीत? आईने पहिल्या भेटीत तुझं नाव काढलं असेल." पहिली भेट बायकांची असते. त्याची आई गेली, घाबरली, आणि मुलाबद्दल काय बोलावं ते सुचेना म्हणून अर्धा तास माझ्याबद्दलच बोलून परत आली. तिला बिनसाखरेचा चहा मिळाला होता.

त्या चहाचं आता सांगायला हवं, कारण अमींनी मला ते पाचव्या मजल्यावर बसूनच सांगितलं.

"बाला," ते म्हणाले. बाला म्हणजे बाळ. "आत चहा येईल. बिनसाखरेचा. तो हातात घ्यायचा आणि गप बसायचं. मुलीकडून होकार आला की मग गोड चहा येतो. साखर घालून, ढवळून. चमचा वाजला की आतल्या बायकांना कळतं, काम झालं. म्हणून आधी साखरेला हात लावायचा नाही. कळलं?"

"कळलं."

"तू घरी चहात साखर ढवळतोस. तुझा चमचा माझ्या खिडकीपर्यंत ऐकू येतो."

हे खरं होतं. तिकडे रोजच्या चहात साखर विरघळवत नाहीत. साखरेचा खडा दातात धरायचा आणि वरून चहाचा घोट घ्यायचा. मी दोन वर्षं हे शिकायचा प्रयत्न करत होतो आणि माझी एक दाढ किडली होती.

"कळलं, अमी," मी पुन्हा म्हणालो.

फोन थरथरला. "पोचलात?"

तोगरुलची ही अवस्था उगाच नव्हती. फिदान नावाची ही मुलगी साखरपुड्याची ताटं सजवायची. आपल्याकडे रुखवत मांडतात तशी ती ताटं असतात, लाल रिबिनी, मिठाया, अत्तर, आणि त्यात एक चहाचा डबा. तो डबा आमच्या कंपनीचा. तिने इन्स्टाग्रामवरून ऑर्डर दिली, तोगरुलने माल पोचवला, मग तिला आणखी डबे लागायला लागले. त्या उन्हाळ्यात तिने मागवलेल्या चहात सगळं बाकू पोहलं असतं.

दुसऱ्या महिन्यात तिने त्याला विचारलं, "तुझं रक्त तपासलंस का?"

तिकडे लग्नाआधी दोघांचं रक्त तपासावं लागतं, तसा नियम आहे. थॅलेसेमियासाठी. फिदानचे आई-वडील सख्खी मामे-आतेभावंडं. दोघांच्याही रक्तात तो दोष लपलेला, आणि दोघांनाही ते माहीत नव्हतं. फिदान बचावली, दोष फक्त अंगात घेऊन. तिची धाकटी बहीण आयसू बचावली नाही. ती अकरा वर्षं लोकांच्या रक्तावर जगली आणि गेली. तोगरुलने दुसऱ्याच दिवशी जाऊन तपासणी केली आणि निर्दोष आल्याचा कागद तिला नेऊन दिला. एरवी माणसं फुलं देतात.

आणि आता फिदानच्या वडिलांची बहीण रविवारी गंजा शहराहून अंगठी घेऊन येणार होती, आपल्या मुलासाठी. आयसू आजारी असताना तिने घरदार सोडून या घरात तीन वर्षं काढली होती. भावाने तेव्हाच तिला शब्द दिला होता. मुलाचं रक्त तपासा म्हटलं तर आत्या म्हणाली, आमच्या घरात आजार नाही. ज्या घरातलं एक पोर तिने आपल्या हाताने पुरलं, त्या घराला ती हे सांगत होती.

म्हणजे गुरुवारी होकार मिळाला नाही, तर रविवारी अंगठी. तोगरुल चार दिवस काही जेवला नव्हता. त्या दिवशी सकाळी तो मला म्हणाला होता, "गारदाश," म्हणजे भाऊ, "ती म्हणते, बाबांचा शब्द मोडला तर बाबा मरतील. नाही मोडला तर मी आयसूला पुन्हा जन्म देईन आणि पुन्हा पुरेन." हे त्याने मला मोज्यांची जोडी शोधता शोधता सांगितलं. दुसरा मोजा काही सापडला नाही. तो एकाच पायात मोजा घालून गाडीत बसला होता.

"चला," मी अमींना हात दिला.

दार रामिझ मुअल्लिमांनी स्वतः उघडलं. उंच, वाकलेले, कोट घातलेला, बोटांना वंगणाचा जुना काळेपणा. त्यांनी अमींच्या दाढीकडे बघितलं, मग माझ्या नसलेल्या दाढीकडे बघितलं, आणि म्हणाले, "तुम्ही दोघंच?"

"दोघं पुरे," अमी म्हणाले आणि धापा टाकायला लागले.

बसायच्या खोलीत टेबल होतं, भिंतीला काचेचं कपाट, कपाटात आयसूचा फोटो. दात पडलेली, हसरी. शेजारच्या खोलीचं दार लोटलेलं होतं आणि त्यामागे बायका होत्या. फिदान, तिची आई ताहिरा खानम, आणि शेजारच्या एक काकू. दिसत कुणीच नव्हतं, पण दाराखाली तीन जोड्या चपला दिसत होत्या.

मग बोलणं सुरू झालं. पण मागणीचं नाही. हवामान, कॅस्पियनवरचा वारा, टोमॅटोचे भाव, ट्रॉलीबस बंद केल्या ते बरं की वाईट. अमी म्हणाले वाईट. रामिझ मुअल्लिम म्हणाले वाईट. इथवर सगळं जमत होतं. माझ्या खिशात फोन सारखा थरथरत होता आणि रामिझ मुअल्लिम त्या खिशाकडे बघत होते.

अचानक ते माझ्याकडे वळले. "पाहुणे, तुमच्याकडे चहा कसा पितात?"

माझं अझरबैजानी कामापुरतं होतं आणि चहा हेच माझं काम. मी सांगितलं. दूध, आलं, साखर, सगळं एकत्र उकळायचं.

"साखर किती?"

"भरपूर."

"आणि साधा चहा दिला तर?"

"मग वरून घालतो. दोन-तीन चमचे."

"ढवळून?"

"ढवळून."

अमींनी टेबलाखालून माझ्या पायावर पाय दिला. रामिझ मुअल्लिमांनी मान हलवली, थोडा वेळ आयसूच्या फोटोकडे बघितलं, आणि उठले. "चहाचं बघून येतो."

घरात तीन बायका असताना पुरुष चहाचं बघायला जातो, हे मला तेव्हा जरासुद्धा वेगळं वाटलं नाही. मी तोगरुलला लिहिलं, "टोमॅटोपर्यंत आलोय." त्याने उत्तर दिलं, "म्हणजे वाईट की चांगलं?"

रामिझ मुअल्लिम बऱ्याच वेळाने परत आले. बसले. आणि मग अमींनी घसा साफ केला आणि खरोखर छान बोलले. अल्लाहच्या मर्जीने आणि पैगंबरांच्या रीतीने आम्ही तुमच्या लेकीचा हात मागायला आलो आहोत, मुलाला वडील नाहीत, पण मुलगा गाडी जपून चालवतो, हे मी ड्रायव्हर म्हणून सांगतो. रंग लावलेल्या दाढीत त्यांचा आवाज कापत होता. मला पहिल्यांदा वाटलं की यांना पांढऱ्या दाढीची गरजच नाही.

रामिझ मुअल्लिम टेबलाच्या कडेवर नख फिरवत होते. "गझनफर मुअल्लिम," ते म्हणाले, "तुम्ही एवढे मजले चढून आलात. तुमचा अपमान करायची माझी इच्छा नाही. पण माझ्या बहिणीने या घरात तीन वर्षं माझं पोर सांभाळलं. रात्र नाही, दिवस नाही. मी तिला शब्द दिलाय. मी तो कसा..." ते थांबले. "फिदान! चहा आण."

स्वयंपाकघरातून फिदान ट्रे घेऊन आली. मी तिला आधी फोटोतच बघितलं होतं. चेहऱ्याला रक्ताचा रंग नव्हता. ट्रेमध्ये तीन छोटे पेले, बशीत ठेवलेले.

"तो समोरचा पाहुण्यांना दे," वडील म्हणाले.

तिने बशी माझ्यासमोर ठेवली आणि दाराशी जाऊन उभी राहिली. मी बशीत बघितलं. साखरेचे दोन खडे, आणि पेल्याआड, माझ्या बाजूला, एक चमचा. अमींची बशी बघितली. रिकामी. रामिझ मुअल्लिमांची बशी, रिकामी. चमचा लहान मुलाचा होता, दांड्याच्या टोकाला एक पिवळं बदक.

मी मान वर केली. फिदान माझ्याकडे बघत होती. डोळे इतके मोठे, की ते डोळे मला काहीतरी ओरडून सांगतायत हे गाढवालाही कळलं असतं. मला कळलं. साखर तिनेच ठेवली होती. या खोलीत चूक करून सुटू शकेल असा एकच माणूस होता, आणि तिने साखर बरोबर त्याच्यासमोर ठेवली होती.

"तर मी असं म्हणत होतो," रामिझ मुअल्लिम म्हणाले, "की मी माझ्या बहिणीला..."

मी दोन्ही खडे चहात टाकले आणि ढवळलं.

मी जन्मात एवढं ढवळलं नसेल. पातळ काचेचा तो पेला, वर धातूचा चमचा, शाळा सुटल्यासारखी घंटा वाजत होती. अमींचा हात छातीवर गेला. दाराखालच्या चपला हलल्या. मग दार उघडलं, शेजारच्या काकू डोळे पुसत बाहेर आल्या आणि किंचाळल्या, "मुबारक! मुबारक!" आणि कुणी काही बोलायच्या आत गॅलरीत जाऊन त्यांनी तेच खाली अंगणात ओरडून सांगितलं. खालून दोन-तीन बायकांनी उलट ओरडून विचारलं, "कुणाचं ठरलं?" "आमच्या फिदानचं!"

तेवढ्यात खाली एका गाडीचा हॉर्न वाजायला लागला. तो थांबेचना. मला नंतर कळलं, तोगरुलने कपाळ स्टिअरिंगवर टेकलं होतं आणि रडत होता.

रामिझ मुअल्लिम उठून उभे राहिले. टेबलावर मूठ आपटली, माझा पेला सोडून सगळं हललं. "माझ्या घरात! मी तोंड उघडायच्या आधी!"

"अहो, तो परदेशी आहे, त्याला काय कळतं," अमी म्हणाले. "मुअल्लिम, तो मूर्ख आहे, मी जिना चढताना त्याला..."

"चमचा कुठून आला?" रामिझ मुअल्लिम माझ्याकडे वाकले. अख्ख्या खोलीला ऐकू जाईल अशा आवाजात त्यांनी विचारलं, "या घरात आज चमचा कुणी आणला?"

मी फिदानकडे बघितलं नाही. बघितलं असतं तर ती मेली असती. मी म्हणालो, "माझा आहे."

"काय?"

"मी घरून आणला. आमच्याकडे माणूस पाहुणा म्हणून जातो तेव्हा आपला चमचा बरोबर घेऊन जातो. जालन्याची पद्धत आहे."

जालन्याच्या लोकांनी मला माफ करावं.

 ताहिरा खानम दारात आल्या होत्या आणि माझ्या हातातल्या बदकाकडे बघत होत्या. त्यांनी ओठ दाताखाली दाबला.

"आणि साखर?" रामिझ मुअल्लिम हळूच म्हणाले.

"ती पण," मी म्हणालो. "खिशात असते."

 मग त्यांनी फोन उचलला आणि तिथेच, सगळ्यांसमोर, बहिणीला लावला.

"ऐक. ऐक, रडू नकोस आधी. अगं, एक हिंदुस्थानी! हो, हिंदुस्थानचा! साखर खिशात घेऊन आला होता! चमचा घरून आणला होता! मी बोलतच होतो, तुझंच नाव माझ्या तोंडात होतं, आणि त्याने ढवळलं... सगळ्या इमारतीने ऐकलं... मी काय करू आता, सांग? अंगणात बायका नाचतायत. मी मुलीच्या गोड चहात पाणी ओतू?" पलीकडून ओरडणं आम्हाला ऐकू येत होतं. मग ते थांबलं. रामिझ मुअल्लिमांनी फोन कानावरून काढला, त्याच्याकडे बघितलं. "ठेवला," ते म्हणाले. फोन टेबलावर ठेवताना त्यांच्या हातून दोनदा घसरला.

 खाली हॉर्न वाजतच होता.

"त्या माणसाला कुणीतरी सांगा," शेवटी ते म्हणाले, "बॅटरी उतरेल."

जाताना मी चमचा बशीत ठेवला. रामिझ मुअल्लिमांनी तो उचलून माझ्या हातात दिला. "तुमचा आहे ना? मग न्या."

असा तो बदकाचा चमचा माझ्या खिशात आला आणि दोन महिने तिथेच राहिला.

त्या दोन महिन्यांत मी अख्ख्या वस्तीत प्रसिद्ध झालो. दुकानात गेलो की बायका पोरांना दाखवायच्या, हाच तो. मी मालाची वही काढायला खिशात हात घातला तरी माणसं हसायला लागायची. तोगरुलच्या आईने मला पाच किलो साखर भेट दिली. गंजाहून मात्र कुणाचा फोन आला नाही. रामिझ मुअल्लिमांनी तीनदा लावला. चौथ्यांदा तो नंबरच बंद होता. तोगरुल सांगायचा की ते संध्याकाळी गॅलरीत बसतात आणि आल्यागेल्याला माझीच गोष्ट सांगतात, दर वेळी माझ्या खिशातली साखर वाढत जाते. मग एकटे बसतात.

मला अपराधी वाटायचं. आपण आणि फिदानने मिळून एका म्हाताऱ्याची बहीण त्याच्यापासून तोडली, असं वाटायचं. पण ती आणि मी कधी एकटे भेटलोच नाही, म्हणून हे कुणाला बोलून दाखवता आलं नाही.

लग्न हॉलमध्ये झालं. तीनशे माणसं, बँड, भिंतीवर नवरा-नवरीचे हलणारे फोटो. मुलीकडच्या टेबलांपैकी एक टेबल पूर्ण रिकामं होतं. सात खुर्च्या, सात ताटं, गंजाच्या पाहुण्यांची. वेटर दर वेळी तिथेही वाढायला जायचा आणि रामिझ मुअल्लिम त्याला वाढू द्यायचे.

नाच सुरू असताना फिदान माझ्या टेबलाशी आली. मी ठरवून ठेवलं होतं. खिशातून चमचा काढला आणि रुमालाखालून तिच्यासमोर सरकवला.

"घे तुझा," मी म्हणालो. "मी कुणाला सांगितलं नाही. आणि सांगणारही नाही."

तिने चमचा हातात घेतला आणि तिचा चेहरा उतरला. "हा तुझ्याकडे कसा?"

"तूच ठेवलास ना. बशीत."

"मी?" ती माझ्याकडे वेड्याकडे बघावं तशी बघायला लागली. "निरंजन, मागणीच्या दिवशी आईने सगळे चमचे शेजारी नेऊन ठेवले होते. चुकून कुणाचा वाजू नये म्हणून. मी ट्रे घेऊन दारात आले तेव्हा साखर दिसली. मला वाटलं, काकूंनी चुकून ठेवली. तिथे काढायला गेले असते तर बाबांनी विचारलं असतं. म्हणून मी तुला डोळ्यांनी सांगत होते."

"हो! तेच तर! ढवळ म्हणून!"

"हात लावू नकोस म्हणून!" तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती हसत होती. "मला वाटलं, आता सगळं संपलं. बाबा रागाने आता रविवारची वाट सुद्धा बघणार नाहीत. तू खरंच गाढव आहेस असं मला आजवर वाटत होतं. चमचा तू आणला होतास असंही वाटत होतं. बशीत तो पेल्याआड असणार, मला बदक दिसलंच नाही, आणि नंतर माझ्या बाजूने तुझी मूठ होती."

"मग कुणी ठेवला?"

ती चमचा उलटसुलट करत होती. दांड्याच्या मागच्या बाजूला कुणीतरी खिळ्याने एक अक्षर कोरलं होतं. मी ते दोन महिन्यांत कधी बघितलं नव्हतं.

"हा आयसूचा औषधाचा चमचा आहे," ती म्हणाली. "हा बाबांच्या कपाटात असतो. कुलपात. किल्ली त्यांच्याकडेच..."

 आम्ही दोघांनी एकदम तिकडे बघितलं.

रामिझ मुअल्लिम त्या रिकाम्या टेबलाशेजारी उभे होते आणि कुणा पाहुण्याला हातवारे करून सांगत होते, खिशात हात घालून, साखर काढून, ढवळून. पाहुणा पोट धरून हसत होता. रामिझ मुअल्लिमांचा चेहरा हसत नव्हता. सांगता सांगता त्यांची नजर आमच्यावर आली, फिदानच्या हातावर आली, आणि त्यांचा ढवळणारा हात तसाच हवेत थांबला.

कुणीतरी फिदानला नाचायला ओढून नेलं. तिने चमचा माझ्या ताटाशी ठेवला.

ते आले. सावकाश, दोन खुर्च्यांना धरून. माझ्यासमोर चहाचा पेला होता. त्यांनी बशीतले साखरेचे खडे उचलले आणि बाजूला ठेवले. मग तळहात पुढे केला. वंगणाचा काळेपणा अजून तिथेच होता.

मी बदकाचा चमचा त्या हातावर ठेवला.

"मुअल्लिम," मी म्हणालो, "मला माहीत होतं. साखर घातली की काय होतं ते. अमींनी जिन्यात सांगितलं होतं."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. ही गोष्ट त्यांच्या हिशोबात नव्हती, एवढं दिसलं.  मग चमचा रुमालात गुंडाळून कोटाच्या आतल्या खिशात ठेवला आणि वरून खिसा दाबला.

"पुन्हा हे जमायचं नाही, पाहुणे," ते म्हणाले. "आता माझ्याकडे मुलगी उरली नाही."

आणि गंजाच्या टेबलाशी जाऊन, त्या सात खुर्च्यांपैकी एका खुर्चीवर बसले.

मी तो चहा तसाच प्यायलो. बिनसाखरेचा.